गोगो, वय सत्तावीस आणि चौऱ्याहत्तर

पडद्यावर एक म्हातारी बाई बसली आहे आणि तिला तिचं तारुण्य आठवतंय. असा प्रसंग आला की दिग्दर्शकापुढे तीन वाटा असतात. चेहरेपट्टी जुळणारी तरुण नटी शोधायची, रंगभूषेने वय कमी-जास्त करायचं, नाहीतर अलीकडे करतात तसं संगणकावर सुरकुत्या पुसून काढायच्या. तिन्हींत कुठेतरी खोट राहते. दुसरी नटी नाकाडोळ्यांनी कितीही जुळली तरी तिची मान वळवण्याची लकब वेगळी असते आणि प्रेक्षकाला ते न सांगता कळतं. रंगभूषा लांबून निभावते, पण कॅमेरा जवळ आला की कपाळ आणि गळा हलायचे थांबतात. संगणक गाल तरुण करतो, पण खुर्चीतून उठताना हात आधी टेकतो तो टेकतोच.

२०१० साली आलेल्या ‘मम्मा गोगो’ या आइसलँडच्या चित्रपटात दिग्दर्शक फ्रिद्रिक थोर फ्रिद्रिकसन यांना यातली एकही वाट धरावी लागली नाही. त्यांनी १९६२ सालचा एक कृष्णधवल चित्रपट काढला आणि त्यातली दृश्यं आपल्या नायिकेच्या आठवणी म्हणून जोडली. त्या जुन्या चित्रपटात हीच अभिनेत्री होती, सत्तावीस वर्षांची. तिच्या समोरचा नटही तोच होता. पात्राचं नावसुद्धा तेच होतं, गोगो.

ही अभिनेत्री म्हणजे क्रिस्टब्योर्ग क्येल्ड. जन्म १९३५ चा. आइसलँडमध्ये माणसाला पहिल्या नावानेच हाक मारतात, राष्ट्राध्यक्षालासुद्धा, म्हणून इथेही क्रिस्टब्योर्गबाईच म्हणू. त्यांच्या चित्रपटांबद्दल बोलताना लोक ४८ वर्षांनी जुळून आलेल्या योगायोगाचं कौतुक करतात. मला त्यात योगायोगाहून मोठी गोष्ट दिसते. हा सांधा जुळला, कारण मधली सगळी वर्षं या बाई रंगमंचावर काम करत राहिल्या. कॅमेरा त्यांना विसरला होता तेव्हा त्यांना नाटकाने सांभाळलं. हे कसं झालं ते समजायचं तर आधी तिथली रंगभूमी कशी चालते ते पाहायला हवं.

राजधानी रेक्याविकमध्ये १८९७ पासून रेक्याविक नाट्यमंडळी होती. तळ्याकाठच्या इद्नो नावाच्या लाकडी सभागृहात तिचे प्रयोग होत. नट दिवसा दुकानात, छापखान्यात, कचेरीत नोकरी करत आणि संध्याकाळी तोंडाला रंग लावत. सरकारी राष्ट्रीय नाट्यगृह उभं राहायला फार वेळ लागला. गुद्योन सामुएल्सन या वास्तुरचनाकाराने (हाल्ग्रिम्सकिर्क्या हे उंच चर्चही त्यांचंच) आराखडा केला, काम सुरू झालं, पण १९३० च्या दशकातल्या मंदीत पैसा आटला आणि सांगाडा तसाच राहिला. १९४० मध्ये ब्रिटिश फौजा आल्या आणि त्या अर्धवट इमारतीचं गोदाम झालं. अखेर २० एप्रिल १९५० रोजी, तिथल्या पंचांगातल्या उन्हाळ्याच्या पहिल्या दिवशी, पडदा उघडला. लागोपाठ तीन रात्री तीन आइसलँडिक नाटकं झाली. नटांना पगार मिळू लागला आणि नाट्यगृहाने स्वतःची अभिनयशाळाही काढली. क्रिस्टब्योर्गबाई त्या शाळेत शिकल्या आणि त्याच रंगमंचावर उभ्या राहिल्या. नोकरी करून नाटक करणाऱ्यांनंतरची ही पिढी. अभिनयावरच पोट भरायचं, हे या पिढीला पहिल्यांदा शक्य झालं.

मराठी नाटकवाल्याला तिथला हिशेब चमत्कारिक वाटेल. आपल्याकडे नाटक चाललं की दौरे लागतात. शनिवार-रविवारी दोन-दोन, तीन-तीन प्रयोग, पुणे, नाशिक, कोल्हापूर, मग गोवा, आणि नटाला नाईट, म्हणजे प्रयोगामागचं मानधन, मिळते. एकच भूमिका ३००-४०० प्रयोगांत मुरते. १९६२ मध्ये आइसलँडची लोकसंख्या होती सुमारे १ लाख ८० हजार. ५०० खुर्च्या धरल्या आणि नाटकाचे ४० प्रयोग भरले, तर २० हजार माणसांनी ते पाहिलं, म्हणजे देशातल्या दर नवव्या माणसाने. एवढ्यावर प्रेक्षक संपतो. मग नवीन नाटक हवं. दिवसा एका नाटकाची तालीम, रात्री दुसऱ्याचा प्रयोग, आणि पुढच्या महिन्यातल्या तिसऱ्याची संहिता पिशवीत. हंगाम साधारण सप्टेंबर ते जून.

या पद्धतीत काय बिघडतं तेही सांगायला हवं. भूमिका पिकायच्या आत उतरवावी लागते. आपल्याकडे शंभराव्या प्रयोगाला नटाला जे सापडतं ते तिथल्या नटाला तालमीतच सापडावं लागतं, म्हणून तालमी सहा-आठ आठवडे चालतात आणि पहिल्या वाचनापासूनच संहिता बारीक फोडली जाते. दुसरा धोका ठरावीक मुद्रेचा. तेच नट, तोच प्रेक्षक. गेल्या आठवड्यात राणी झालेली बाई या आठवड्यात मोलकरीण होते आणि पहिल्या रांगेतल्या माणसाला राणी अजून आठवत असते. मग नटाला आवाज बदलून भागत नाही, शरीराची गती बदलावी लागते: चालताना वजन टाचेवर की चवड्यावर, वाक्य श्वास घेऊन सुरू होतं की श्वास संपता संपता. अशा रंगभूमीवर पन्नास वर्षं काढलेल्या नटाजवळ बाह्य खुणांचा मोठा साठा असतो. त्याहून महत्त्वाचं म्हणजे, यातलं काय वापरायचं नाही हेही त्याला माहीत असतं.

आता १९६२. चित्रपटाचं नाव ‘७९ आव् स्टोधिन्नी’, म्हणजे टॅक्सीच्या अड्ड्यावरची ७९ नंबरची गाडी. इंद्रिदी थोरस्टाइनसन यांच्या १९५५ च्या कादंबरीवरून पटकथा केली ती राष्ट्रीय नाट्यगृहाचे प्रमुख गुद्लोइगुर रोसिंक्रान्स यांनी. एड्डा फिल्म ही आइसलँडची संस्था, पण देशात चित्रपटाचं युनिट नव्हतं. म्हणून डेन्मार्कची नॉर्डिस्क फिल्म सोबत आली आणि एरिक बॅलिंग हे डॅनिश दिग्दर्शक आले. प्रमुख नट मात्र राष्ट्रीय नाट्यगृहाचेच.

गोष्ट साधी आहे. उत्तरेच्या शेतीवाडीतून शहरात आलेला राग्नार टॅक्सी चालवतो. केफ्लाविकच्या रस्त्यावर गोगोची गाडी बंद पडलेली त्याला दिसते. दोघांचं जुळतं. गोगोचा नवरा आजारी आहे, डेन्मार्कमध्ये दवाखान्यात. गोगोचं अमेरिकन तळावरच्या एका माणसाशीही नातं आहे, हे राग्नारला उशिरा कळतं. तो गाडी घेऊन घराच्या दिशेने, उत्तरेला सुटतो आणि वाटेत अपघातात मरतो. केफ्लाविकला १९५१ पासून अमेरिकन फौज होती. तळावर नोकऱ्या होत्या, पैसा होता, आणि त्या पैशाची लाजही होती. गोगो त्या काळाच्या नेमक्या दुखऱ्या जागी उभी होती. तिला बदफैली म्हणून मोकळं होणं प्रेक्षकाला सोपं होतं. क्रिस्टब्योर्गबाईंनी ते सोपं राहू दिलं नाही. त्यांची गोगो विनवण्या करत नाही, डोळे मिचकावत नाही, स्वतःचं समर्थनही करत नाही. ती एकटी पडलेली, व्यवस्थित कपडे घातलेली, घर नीट ठेवणारी बाई आहे. तिच्याकडे बघताना राग येण्याआधी तिची अडचण दिसते.

रंगमंचावरच्या नटीसाठी हे किती अवघड आहे ते कॅमेऱ्यासमोर गेल्याशिवाय कळत नाही. नाट्यगृहात शेवटच्या रांगेपर्यंत पोचायचं म्हणून शब्दांचे शेवट ठासून म्हणायची सवय लागते, भावनेच्या आधी श्वास भरायची सवय लागते. जवळच्या शॉटमध्ये तो श्वास खांद्यावर दिसतो आणि पुढचं वाक्य आधीच फुटतं. डोळ्यांचंही तेच. रंगमंचावर नजर फिरली की हजार डोळे फिरतात, कॅमेऱ्यात तीच नजर सैरभैर वाटते. त्यात दिग्दर्शकाची मातृभाषा वेगळी असली की संवादाचा सूर नाटकी झाला तर टोकायला कोणी नाही. नटाला स्वतःवरच कान ठेवावा लागतो. या चित्रपटात काही ठिकाणी दुय्यम पात्रांचे आवाज रंगमंचावरचे वाटतात. गोगोचा नाही. ती वाक्य अर्ध्या आवाजात सोडते आणि पुढचं काम चेहऱ्याकडून नव्हे, थांबण्यातून करून घेते.

राग्नार झाले होते गुन्नार एयोल्फसन. लंडनच्या ‘राडा’ (RADA) या अभिनयसंस्थेत शिकलेले, क्रिस्टब्योर्गबाईंपेक्षा नऊ वर्षांनी मोठे, आणि राष्ट्रीय नाट्यगृहातले त्यांचे सहकारी. राग्नारचा मित्र झाले रोबर्ट आर्नफिन्नसन. चित्रपटातलं एली विल्ह्याल्म्स यांनी गायलेलं गाणं आजही आइसलँडमध्ये लोक गुणगुणतात. चित्रपट न पाहिलेल्यांनाही ते पाठ असतं.

आणि मग? दुसऱ्या एखाद्या देशात अशा भूमिकेनंतर नटीच्या दारात निर्मात्यांची रांग लागली असती. इथे रांग लावायला निर्मातेच नव्हते. सरकारी दूरचित्रवाणी सुरू झाली सप्टेंबर १९६६ मध्ये, आणि तीही गुरुवारी बंद असायची. चित्रपटांना मदत करणाऱ्या सरकारी निधीचं पहिलं वाटप १९७९ मध्ये झालं. १९८० च्या सुरुवातीला आउगुस्ट गुद्मुंडसन यांचा पहिला मोठा चित्रपट आला, तोही इंद्रिदींच्याच कादंबरीवर, आणि तिथून आइसलँडचा चित्रपट सलग चालू लागला. तोवर क्रिस्टब्योर्गबाई पंचेचाळिशीला आल्या होत्या. नायिकेची म्हणून जी वर्षं मानतात ती सगळी या पोकळीत गेली.

पण ती वाया गेली नाहीत. या काळात त्या राष्ट्रीय नाट्यगृहात सतत काम करत होत्या. त्यांचे पती गुद्मुंदुर स्टाइनसन हे नाटककार. त्यांचं १९७९ चं ‘स्टुंडारफ्रिधुर’ तिथल्या रंगभूमीवर मैलाचा दगड मानतात. एक सुखवस्तू घर, त्यात टीव्ही, टेलिफोन, संगीत यांचा अखंड गोंगाट, आणि कुणाचंच कुणाकडे लक्ष नाही. अशा नाटकात संवाद तुटक असतात, एकमेकांवर पडतात, मध्येच फोन वाजतो. ते करायला अवघड, कारण तुटलेलं वाक्य पुढे कुठे जाणार होतं हे नटाला पक्कं ठाऊक असावं लागतं. नुसतं थांबलं तर ते विसरल्यासारखं दिसतं. वाक्य तोडायची ही तालीम पुढे ‘मम्मा गोगो’मध्ये उपयोगी पडली असणार, असं मला मनापासून वाटतं.

पडद्यावर त्या भरदार रूपात परतल्या त्या साठी उलटल्यावर. २००१ मध्ये गुद्मुंडसन यांचा ‘माउवाह्लाउतुर’ आला. १९५० च्या दशकातलं हाप्नारफ्योर्दुर, बायकांनी भरलेलं एक घर, अमेरिकेहून परतलेली रूपवान फ्रेया, आणि त्या घराचा खांब असलेली आजी. आजीच्या भूमिकेसाठी क्रिस्टब्योर्गबाईंना सहायक अभिनेत्रीचा एड्डा हा आइसलँडचा चित्रपट-पुरस्कार मिळाला.

पुढच्याच वर्षी बाल्टासार कोर्माकुर यांचा ‘हाविध’. समुद्रकाठच्या गावातला मासेमारीचा जुना मालक थोर्दुर मुलांना घरी बोलावतो, आणि मासे पकडायच्या हक्कांचं, म्हणजे कोट्याचं, काय करायचं यावरून घर फाटतं. आइसलँडमध्ये १९८४ पासून मासेमारीला कोटा आहे. पुढे तो विकता येऊ लागला आणि गावंच्या गावं रिकामी झाली. हा वाद तिथल्या प्रत्येक घरात शिरला. थोर्दुर झाले गुन्नार एयोल्फसन आणि त्यांची दुसरी बायको क्रिस्टिन झाल्या क्रिस्टब्योर्गबाई. चाळीस वर्षांपूर्वी गाडीच्या काचेआड एकमेकांकडे पाहणारे दोघे आता एकाच घरात एकमेकांकडे न पाहता वावरतात. हे दोघं कोण आहेत ते आइसलँडच्या प्रेक्षकाला सांगावं लागलं नाही. तो त्यांच्यासोबतच म्हातारा झाला होता.

आता ‘मम्मा गोगो’. चित्रपट दिग्दर्शकाच्या स्वतःच्या आयुष्यावर बेतलेला आहे. फ्रिद्रिकसन यांचा १९९१ चा ‘बोर्न नाउत्तुरुन्नार’ वृद्धाश्रमातून पळून जाणाऱ्या दोन म्हाताऱ्या माणसांवर होता, आणि त्याला ऑस्करचं नामांकन मिळालं. ‘मम्मा गोगो’तला दिग्दर्शक तोच चित्रपट नुकता प्रदर्शित करून कर्जात बुडालेला आहे, आणि त्याच्या आईला अल्झायमर झाला आहे. म्हाताऱ्यांच्या सुटकेवर चित्रपट करणारा मुलगा आईला निवासात नेऊन ठेवतो. दिग्दर्शकाने स्वतःला इथे जराही सूट दिलेली नाही, म्हणून हा चित्रपट मला जवळचा वाटतो.

स्मृतिभ्रंशाची भूमिका कशी बिघडते? सगळ्यांत ठरलेली चूक म्हणजे विसरणं दाखवणं. नट भुवया आवळतो, डोळे वर नेतो, शब्द शोधतो. पण हा आजार झालेलं माणूस बराच वेळ काही शोधत नसतं. त्याची खात्री असते, फक्त ती चुकीच्या गोष्टीची असते. शिवाय लहानपणापासून अंगवळणी पडलेलं सौजन्य शेवटपर्यंत टिकतं. समोरचा कोण ते कळत नसलं तरी ‘बसा, कॉफी घेणार?’ येतंच, आणि त्या सौजन्याआड पोकळी झाकली जाते. क्रिस्टब्योर्गबाईंनी हेच धरलं आहे. त्यांची गोगो रुबाबदार आहे, हट्टी आहे, हजरजबाबी आहे. उत्तर चटकन येतं. ते प्रश्नाला धरून नसतं एवढंच. त्यामुळे पहिल्या काही प्रसंगांत मुलांप्रमाणे प्रेक्षकही फसतो आणि नंतर चरकतो.

दुसरी अडचण चित्रीकरणाची. चित्रपट क्रमाने चित्रित होत नाही. एका जागेचे सगळे प्रसंग सलग उरकतात, मग ते कथेत सुरुवातीचे असोत की शेवटचे. सकाळी आजार बळावलेली आई आणि दुपारी अजून ठणठणीत असलेली आई, असं करावं लागतं. अशा वेळी संहितेच्या समासात प्रत्येक प्रसंगापुढे आजाराची पायरी लिहून ठेवतात: चालताना आधार लागतो की नाही, नावं आठवतात का, बटणं नीट लागतात का. हे चुकलं तर कथेत बाई मधेच बरी होते. या चित्रपटात ती उतरण कुठे उसवलेली दिसत नाही.

आणि ती जुनी दृश्यं. ती जोडणं वाटतं तितकं सोपं नाही. १९६२ ची दृश्यं त्या गोष्टीची आहेत आणि त्या गोष्टीत गोगो दुसऱ्याची बायको आहे, राग्नार मरतो. ‘मम्मा गोगो’त तोच पुरुष तिचा नवरा आहे, संसार करून मग वारलेला. म्हणजे जुन्या चित्रपटातून असेच तुकडे उचलावे लागतात ज्यांत कथेचा पुरावा नाही: दोघांची नजर, जवळीक, सोबत असणं. ज्या वाक्यात दवाखान्यातल्या नवऱ्याचा उल्लेख आहे ते वाक्य घेता येत नाही. आवाजाचंही पाहावं लागतं. जुन्या ऑप्टिकल ध्वनिपट्टीचा, म्हणजे फिल्मच्या कडेला प्रकाशाने छापलेल्या ध्वनीचा, आवाज अरुंद असतो, वरच्या पट्टीतलं बारीक ऐकू येत नाही. नव्या भरीव ध्वनीशेजारी तो एकदम डब्यातून आल्यासारखा लागतो. म्हणून अशा ठिकाणी जुना आवाज खाली नेऊन संगीतावर दृश्य चालवण्याची रीत आहे. कृष्णधवल आणि रंगीत यांचा सांधा मात्र लपवायची गरज नसते, आठवण म्हणून प्रेक्षक तो आपण होऊन स्वीकारतो.

यातून जे निघतं ते मला थक्क करतं. १९६२ मध्ये त्या प्रेमाचा शेवट अपघातात झाला. २०१० मध्ये तेच तुकडे सुखी लग्नाची सुरुवात ठरले. अभिनयात तेव्हा काही जास्तीचं ओतलं असतं, पुढच्या दुःखाची चाहूल चेहऱ्यावर आधीच आणली असती, तर हे तुकडे दुसऱ्या कथेत बसलेच नसते. सत्तावीस वर्षांच्या नटीने त्या क्षणापुरतं तेवढंच केलं होतं, म्हणून ते अर्धशतक टिकलं आणि नव्या अर्थाने कामी आलं. गुन्नार एयोल्फसन इथे वारलेल्या नवऱ्याच्या रूपात म्हाताऱ्या गोगोला भेटायला येतात. त्या प्रसंगांत क्रिस्टब्योर्गबाई आवाज पुन्हा खाली आणतात, अर्ध्या आवाजातली ती जुनी वाक्यं असल्यासारखा. गुन्नार २०१६ मध्ये गेले.

क्रिस्टब्योर्गबाई आणि गुन्नार यांचे हे तीन चित्रपट पाहायचे असतील तर सालांच्या क्रमानेच पाहावेत. ‘मम्मा गोगो’ आधी पाहिला तर जुनी दृश्यं नुसती सुंदर वाटतात. ‘७९’ पाहून मग पाहिला तर प्रत्येक तुकड्यामागे राग्नारची उलटलेली गाडी असते, आणि दिग्दर्शकाने या जोडप्याला काय परत दिलं ते कळतं. ‘हाविध’ मधे पाहावा, कारण त्यात दोघांमधली थंडी आहे. उपशीर्षकांत नजर अडकते, म्हणून गोगोचे प्रसंग एकदा उपशीर्षकं बंद करून पाहावेत. भाषा कळत नसली तरी वाक्य कुठे तुटलं आणि ती कुठे थांबली हे स्पष्ट ऐकू येतं.

‘मम्मा गोगो’ झाल्यावर क्रिस्टब्योर्गबाई विश्रांतीला गेल्या नाहीत. पुढच्या वर्षी, २०११ मध्ये, त्या राष्ट्रीय नाट्यगृहात एका अगदी नव्या आइसलँडिक नाटकात प्रमुख भूमिकेत होत्या, आणि ऐंशी ओलांडल्यावरही रंगमंचावर येत राहिल्या. नवी संहिता म्हणजे पुन्हा पहिलं वाचन, पुन्हा सहा-आठ आठवड्यांच्या तालमी, आणि पाठांतर.